नखावरचे तीन सेकंद

मराठीत माणसाला शॉक 'बसतो'. इस्त्रीच्या वायरचा बसतो, नाहीतर एखादी वाईट बातमी ऐकून बसतो. थोड्या वेळानं उतरतो. दवाखान्यातला शॉक हा तिसराच. इंग्रजीत पेशंट 'इन शॉक' असतो, म्हणजे शॉकच्या आत असतो, आणि त्यातून त्याला बाहेर काढावं लागतं.

"युवर फादर इज इन शॉक," हे वाक्य गेल्या पावसाळ्यात आयसीयूच्या दारात एका तरुण डॉक्टरांनी मला सांगितलं. डॉक्टर हुबळीकडचे, कन्नड आणि इंग्रजी बोलणारे. आमच्या घरची भाषा म्हणजे कोंकणी मिसळलेली खानापुरी मराठी. इंग्रजी नीट कळणारी मी एकटीच, म्हणून ते वाक्य मम्मीला आणि आजीला सांगायचं काम माझ्याकडं आलं. मी 'पप्पा शॉकमध्ये आहेत' म्हटल्यावर आजीनं विचारलं, "कुणी काय सांगितलं त्याला? कसला शॉक बसला?"

तीन वर्षं साहित्य शिकतेय. शब्दाचा अर्थ संदर्भानं ठरतो, हे परीक्षेत कितीदा लिहिलंय. पण त्या दिवशी डॉक्टरांना थांबवून विचारलं, की सोप्या भाषेत याचा अर्थ काय? त्यांनी सांगितलं ते असं: शरीरातल्या पेशींना जेवढा प्राणवायू लागतो, तेवढा रक्त त्यांच्यापर्यंत पोचवू शकत नाही, अशी अवस्था म्हणजे शॉक. मी आजीला सांगितलं, "रक्त हाय अंगात, पण पोचेना झालंय." आजीला ते लगेच कळलं.

रक्त का पोचत नाही? डॉक्टरांनी औषधाच्या चिठ्ठीच्या मागं चार चौकोन काढले. पहिला: रक्त किंवा त्यातलं पाणीच कमी पडलं. अपघातात किंवा बाळंतपणात रक्त गेलं, जुलाब-उलट्यांनी अंग सुकलं, भाजलं, किंवा डेंग्यूत रक्तातलं पाणी नसांबाहेर झिरपलं. दुसरा: पंप दमला. मोठा हार्ट अ‍ॅटॅक आला, की रक्त आहे, नळ्या आहेत, पण ढकलणारं हृदय थकलेलं. तिसरा: वाट अडली. फुफ्फुसाच्या मोठ्या रक्तवाहिनीत गुठळी बसली, नाहीतर हृदयाभोवती पाणी साचून त्याला फुलताच येईना. चौथा: नळ्याच सैल पडल्या. रक्त तेवढंच, पण रक्तवाहिन्या पसरल्यामुळं जागा एवढी वाढली की दाब उरला नाही. मधमाशी चावून तीव्र अ‍ॅलर्जी आली तर असं होतं, आणि जंतुसंसर्ग रक्तात पसरला, ज्याला सेप्सिस म्हणतात, तेव्हाही होतं. एकाच माणसात दोन चौकोन एकत्रही येऊ शकतात. सेप्सिसमध्ये नळ्या सैल पडतात, त्यांच्या भिंतींतून पाणी झिरपतं आणि कधी कधी हृदयही मंदावतं.

पप्पा चौथ्या चौकोनात होते. कारण होता एक मुतखडा. पप्पा उद्यमबागेत एका हायड्रॉलिक्सच्या शॉपमध्ये आहेत. तिथल्या उष्म्यात दिवसभर घाम आणि पाणी मात्र चहापुरतं. खडा मूत्रपिंडाकडून येणाऱ्या नळीत अडकला, मागं लघवी तुंबली, तुंबलेल्या लघवीत जंतू वाढले. दोन दिवस कंबर दुखत होती. तिसऱ्या दिवशी दात वाजतील अशी थंडी भरून ताप आला. दवाखान्यात पोचलो तेव्हा बीपी ८० वर ४०.

तेव्हा पप्पांचे हात गरम होते आणि तोंडावर लाली होती. मम्मीला तेवढाच धीर वाटला. नंतर कळलं, की सेप्सिसच्या सुरुवातीला असं होऊ शकतं. कातडीतल्या नळ्याही सैल पडलेल्या असतात, म्हणून हात ऊबदार लागतो आणि आतला दाब मात्र घसरत असतो. म्हणून नुसत्या हाताच्या उबेवर कुणी निदान करत नाही. एक खूण दुसरीला पडताळून बघावी लागते.

ती पडताळणी कशी चालते, हे मी पुढचे दोन दिवस बघितलं. रक्त पोचतंय की नाही हे बाहेरून बघायच्या तीन खिडक्या आहेत, असं डॉक्टर म्हणाले: मूत्रपिंड, मेंदू आणि कातडी.

मूत्रपिंडाची खिडकी म्हणजे पलंगाखाली लटकणारी लघवीची पिशवी. रक्त कमी पोचलं की मूत्रपिंड लघवी तयार करायचं कमी करतं. तासाला दर किलो वजनामागं निदान अर्धा मिलिलिटर लघवी यावी असा ठोकताळा आहे. पप्पांचं वजन सत्तर किलो, म्हणजे तासाला पस्तीस मिलिलिटर तरी. पहिल्या तासाला दहा आली, तीही गढूळ. त्यांच्या बाबतीत वाटेत खडाही होता, त्यामुळं ही खिडकी अर्धी बंदच होती.

मेंदूच्या खिडकीपाशी मला आत बोलावलं. रात्रपाळीच्या सिस्टर गदगकडच्या होत्या. पेशंट शुद्धीवर किती आहे हे मोजायला १९७४ साली ग्लासगोच्या दोन डॉक्टरांनी एक मोजपट्टी काढली, ती आज जगभर वापरतात. डोळे उघडणं, हालचाल आणि बोलणं, अशा तिन्हींना गुण. बोलण्याचे पाच. नाव, जागा, वेळ बरोबर सांगितली तर पाच, बोलतोय पण गोंधळलेला असेल तर चार. सिस्टरनी कन्नडमध्ये विचारलं, मग हिंदीत. पप्पा गप्पच. सिस्टर मला म्हणाल्या, "आप के घर की भाषा में पूछो."

मी विचारलं, "पप्पा, आपण खंय आसा?"

"शॉपात."

"आज वार कोणता?"

"सेकंड शिफ्ट हाय. टिफिन भर."

मी सिस्टरना अर्थ सांगितला. त्यांनी कागदावर चार लिहिले. दर दोन तासांनी त्या मला बोलवत आणि मी तेच प्रश्न विचारत असे. बेळगावात मराठीवरून काय काय झालंय ते या अंकाच्या वाचकांना सांगायला नको. दुकानाच्या पाटीवर ती असावी की नसावी, यावर लहानपणापासून ऐकत आलेय. त्या रात्री ती भाषा एका माणसाच्या मेंदूपर्यंत रक्त पोचतंय का, हे बघायला लागली. आणि ती लागतेय हे आधी ओळखलं ते कन्नड बोलणाऱ्या एका सिस्टरनी.

तिसरी खिडकी कातडीची. सिस्टर पप्पांचं बोट धरायच्या, टोकाला पांढरं पडेपर्यंत दाबायच्या, मनात दहा मोजून सोडायच्या आणि भिंतीवरच्या घड्याळाच्या सेकंदकाट्याकडं बघायच्या. दाबल्यावर बारीक नळ्यांतलं रक्त बाजूला सरतं आणि जागा पांढरी होते. सोडल्यावर ते परत येतं आणि रंग परततो. निरोगी माणसात हे पटकन होतं. तीन सेकंदांहून जास्त लागले, तर टोकापर्यंत रक्त नीट येत नाही असं धरतात. पप्पांना सहा सेकंद लागत होते. पहिल्यांदा सेकंदकाटा बघत मी सहा मोजले, तेव्हा सेकंद एवढा मोठा असतो हे मला नव्यानं कळलं.

एवढ्यात मॉनिटरवरचा आकडा सुधारला. सलाईन दोन लिटरच्या आसपास गेलं होतं आणि मानेच्या नळीतून नॉरअ‍ॅड्रेनलिन सुरू झालं होतं. बीपी ९८ वर ५४. आयसीयूत नुसता वरचा आकडा बघत नाहीत, सरासरी दाब बघतात. खालचा आकडा दुप्पट करायचा, त्यात वरचा मिळवायचा आणि तिनानं भागायचं. आधी तो ५३ होता, आता जवळजवळ ६९. सुरुवातीला ६५ गाठायचं असं ध्येय असतं. मम्मीनं रोझरी हातात तशीच धरून देवाचे आभार मानले. पण डॉक्टरांचा चेहरा सैल झाला नव्हता. बोटाचे सेकंद तेवढेच होते आणि हात आता गार लागत होते. लॅक्टेट नावाची रक्ततपासणी आधी ५.२ होती, ती ४.९ आली. ती दोनच्या आत असायला हवी.

आकडा चांगला आणि माणूस गार, हे गणित मला सुटेना. ते सोडवलं पप्पांच्या फोरमनकाकांनी. शिफ्ट संपवून ते तसेच ऑइलच्या डागांच्या शर्टात वेटिंग हॉलमध्ये आले होते. मी डॉक्टरांनी सांगितलेलं त्यांना सांगितलं. ते म्हणाले, "त्यात काय एवढं? गेज प्रेशर दाखवतं बाय, फ्लो नाही दाखवत. पुढचा व्हॉल्व आवळला की गेज फुल्ल दाखवतं. पण सिलिंडर हलतोय का? तो हलला तर खरं काम."

डॉक्टरांना हे सांगितल्यावर ते हसले आणि म्हणाले, बरोबर आहे. नॉरअ‍ॅड्रेनलिन सैल पडलेल्या नळ्या आवळतं, म्हणून दाब वाढतो. तो वाढणं गरजेचंच, नाहीतर मेंदूला आणि हृदयालाच रक्त मिळणार नाही. पण दाब मिळाला म्हणजे टोकाला रक्त पोचलंच असं नाही. सेप्सिसमध्ये बारीक नळ्यांच्या पातळीवर एक गल्ली चालू आणि शेजारची बंद अशी अवस्था असते. मोठ्या रस्त्यावरचा आकडा बघून ती कळत नाही. लॅक्टेटचंही तसंच. पेशींना प्राणवायू कमी पडला की ते वाढतं, पण यकृत मंदावलं तरी वाढलेलं राहतं, काही औषधांनीही वाढतं. म्हणून एकदा करून भागत नाही, पुन्हा पुन्हा करून ते उतरतंय का बघतात.

मग त्यांनी पप्पांचा पलंग डोक्याकडून सपाट केला आणि पायांकडून वर उचलला. आजी दारातून ते बघून घाबरली. ती एक चाचणी होती. पाय वर केले की पायांतलं साधारण तीनशे मिलिलिटर रक्त हृदयाकडं येतं. जणू बाटली न लावता थोडं सलाईन देऊन बघायचं, आणि पाय खाली घेतले की ते परत जातं. त्यानं हृदयाचं काम वाढलं तर अजून सलाईनचा उपयोग आहे. नाही वाढलं, तर जास्तीचं पाणी फुफ्फुसात साचायचा धोका. पप्पांना आता सलाईनचा फारसा उपयोग नव्हता. उरलं होतं मूळ कारण: तुंबलेली नळी मोकळी करणं. अँटिबायोटिक पहिल्या तासातच सुरू झालं होतं, पण पू अडकून राहिला तर औषध किती पुरणार? पहाटे चारला लघवीच्या मार्गानं दुर्बीण घालून खड्याच्या बाजूनं एक बारीक नळी, स्टेंट, बसवला. डॉक्टर बाहेर येऊन म्हणाले, मागून दाबाखाली पू आला.

सकाळी दहाला लॅक्टेट ३.४. संध्याकाळी २.१. पिशवीत लघवी. औषधाचा डोस उतरत होता. बोटाचा रंग तीन सेकंदांच्या आत परतला. आणि सिस्टरच्या सांगण्यावरून मी जेव्हा विचारलं, "पप्पा, आपण खंय आसा?" तेव्हा ते चिडून म्हणाले, "दवाखान्यात. किती वेळा विचारालीस?" सिस्टरनी पाच लिहिले.

घरी आल्यावर मी वाचायला लागले. आमची सवयच ती, जे झालं ते पुस्तकात शोधायचं. विल्यम हार्वेनं १६२८ साली लॅटिनमध्ये पुस्तक लिहून दाखवून दिलं, की रक्त शरीरात फिरतं. त्याचा पुरावा मोजमापाचा होता. हृदय अर्ध्या तासात जेवढं रक्त ढकलतं, ते सगळ्या शरीरातल्या रक्ताहून जास्त भरतं. एवढं रक्त दर अर्ध्या तासाला नवीन कुठून तयार होणार? म्हणजे तेच परत येत असलं पाहिजे. पण धमनीतून नीलेत ते जातं कुठून, ही जागा हार्वेला दिसली नाही. १६५७ मध्ये तो वारला. चार वर्षांनी, १६६१ मध्ये, इटलीत मार्चेल्लो मालपिगीला सूक्ष्मदर्शकाखाली बेडकाच्या फुफ्फुसात त्या केसाहून बारीक नळ्या दिसल्या. आपण शाळेत त्यांना केशवाहिन्या म्हणायला शिकलो. त्या इतक्या अरुंद, की रक्तातल्या लाल पेशींना एकामागून एक रांगेतच जावं लागतं. रक्ताचं सगळं देणंघेणं तिथं होतं. सिस्टर बोटाच्या टोकावर मोजत होत्या ती हीच जागा.

लॅक्टेटची गोष्टही जुनी निघाली. १८४३ मध्ये योहान योसेफ शेरर या जर्मन डॉक्टरनं बाळंतरोगानं मेलेल्या बायकांच्या रक्तात लॅक्टिक अ‍ॅसिड सापडल्याचं नोंदवलं. बाळंतरोग म्हणजे बहुतेक वेळा आजच्या भाषेतला सेप्सिसच.

आणि नखाचं काय? २०१९ मध्ये दक्षिण अमेरिकेतल्या पाच देशांतल्या २८ आयसीयूंनी केलेला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. सेप्सिसच्या शॉकमधले ४२४ पेशंट. अर्ध्यांचे उपचार लॅक्टेटकडं बघून ठरवले, अर्ध्यांचे बोटावरच्या सेकंदांकडं बघून. बोट काचेच्या पट्टीनं दहा सेकंद दाबायचं आणि तीन सेकंदांत रंग यायला हवा, हा नियम तिथं सगळ्यांना सारखा होता. २८ दिवसांत लॅक्टेटच्या गटातले ९२ दगावले, बोटाच्या गटातले ७४. हा फरक निव्वळ योगायोग नाही असं ठामपणे म्हणण्याइतका आकडेशास्त्रात पक्का ठरला नाही. पण रक्त न काढता, पैसा न लागता, नुसत्या बोटानं आणि घड्याळानं केलेली तपासणी प्रयोगशाळेच्या बरोबरीनं उभी राहिली, एवढं नक्की. लहान गावातल्या दवाखान्याला हे केवढ्याचं आहे!

याच्याही मर्यादा आहेत. खोली गार असली, पेशंट म्हातारा असला, तर सेकंद आपोआप वाढतात. आणि आपला रंग. शॉकमध्ये गुडघ्याभोवती कातडीवर जांभळट नक्षी उमटते. २०११ मध्ये पॅरिसच्या डॉक्टरांनी तिला शून्य ते पाच असे गुण द्यायची पद्धत काढली. गोऱ्या कातडीवर ती लांबून दिसते. पप्पांसारख्या सावळ्या माणसाच्या गुडघ्यावर ती शोधावी लागते, आणि फार काळ्या कातडीवर दिसतच नाही. म्हणून आमच्या सिस्टर नख, ओठ, तळहात बघत. पुस्तकातली खूण आपल्या माणसात कुठं सापडेल, हे त्यांना अनुभवानं माहीत होतं.

हे सगळं वाचताना आपल्या भाषेकडं मी नव्यानं बघितलं. 'हातपाय गार पडले' असं आपण भीतीबद्दल म्हणतो. 'चेहरा पांढराफटक पडला' म्हणतो. घाबरलेल्या माणसात आणि रक्त गेलेल्या माणसात शरीर एकच काम करत असतं: कातडीकडचं रक्त आवळून हृदय-मेंदूसाठी राखून ठेवायचं. हे वाक्प्रचार कुणा वैद्यानं लिहून दिलेले नाहीत. मरणाऱ्याच्या उशाशी बसून त्याचे हातपाय चोळणाऱ्या बायकांनी ते बघितलं असणार, असं मला वाटतं. आणि 'अभिसरण' हा शब्द! इंग्रजी शब्दात नुसतं गोल फिरणं आहे. 'अभि' म्हणजे 'कडे'. कुणाकडं तरी सरकत जाणं. पाठ्यपुस्तकात दहा मार्कांसाठी घोकलेल्या शब्दात सगळा मुद्दा होता. रक्त फिरतंय एवढं पुरत नाही, ते कुणाकडं तरी पोचलं पाहिजे.

मी डॉक्टर नाही, तरी या अंकाच्या वाचकांना घरात उपयोगी पडेल असं थोडं लिहिते. ताप थंडी भरून आलाय आणि माणूस बरळतोय, श्वास भराभर चाललाय, दिवसभरात लघवीला गेलेला नाही, हातपाय गार किंवा चट्ट्याचट्ट्यांचे दिसतात, नुसता उठून बसला तरी गरगरतंय, यातलं काही दिसलं तर घरच्या मशीनवर बीपी बरा दाखवतोय म्हणून सकाळपर्यंत थांबू नका. रात्री निघा. आणि दवाखान्यात 'आमचा माणूस रोज असा बोलत नाही' हे स्पष्ट सांगा. तो रोज कसा बोलतो हे तिथं तुमच्याशिवाय कुणालाच माहीत नसतं.

पप्पांचा खडा पुढं लेसरनं फोडला आणि स्टेंट काढला. दोन महिन्यांनी ते कामावर गेले. त्यांच्या मशीनशेजारी आता दोन लिटरची बाटली असते. तिच्यावर फोरमनकाकांनी मार्करनं तासांच्या रेघा मारल्यात. शिफ्ट संपताना बाटलीत पाणी शिल्लक दिसलं, तर ते संपवल्याशिवाय काका पप्पांना गेटबाहेर सोडत नाहीत.